मुदतवाढ

माझ्या कार्डावर हिशेबनीस,
वत्सलाच्या कार्डावर गृहिणी.
त्याच कार्डावर एकतीस वर्षं
ती ओमानात धूमकेतू मोजत आली.

आठवडा संपला की मस्कतहून आदम,
आदमच्या पुढे डांबर संपतं तिथे पिकअप.
मी थर्मास धरायचो, लाल टॉर्च धरायचो.
दक्षिणेला वायूच्या ज्वाळा.
"तेवढा कोपरा कंपनीचा," ती म्हणायची,
"बाकी आपलं."

कुवेतच्या विहिरी जळत होत्या त्या वर्षी.
दोरीवरचं धुणं आम्ही इतक्या लांबून
उगाच हुंगून पाहायचो.
त्याच हिवाळ्यात तिला डाग दिसला,
काचेवर ओलं बोट फिरवावं तसा.
तीनदा भिंग पुसलं.
डाग गेला नाही. सरकला.

तार ऑफिस उघडलं शनिवारी.
तोवर कुणा जपानी शाळामास्तरानं
नऊ तास आधी कळवलं होतं.
नाव त्याचं लागलं.
वत्सलानं भरली वांगी केली, मीठ विसरली,
आणि जेवणं झाल्यावर कक्षा मांडायला बसली.

देवगडहून आईचं पत्र :
शेंडेनक्षत्र शोधू नये,
दिसलंच तर हात जोडून आत यावं.

माझ्या बाद खातेवह्यांची मागची पानं तिची.
पुढे सिमेंटची उधारी, मागे गुरूची ओढ.
दर दोन वर्षांनी आमचा व्हिसा नवा व्हायचा,
दर दोन वर्षांनी तिचं उत्तर
तासा-दोन तासांनी हलायचं.

मी साठीला आलो.
मुदत तीस ऑक्टोबर.
तिचं उत्तर : अकरा नोव्हेंबर, पहाट, कन्या रास.
"देवगडहून नाही दिसणार?"
"दिसेल की," म्हणाली,
आणि घासलेलं पातेलं पुन्हा घासायला घेतलं.

खिडकीवर हमूद नावाचा पोरगा.
"मुदतवाढ कशाला?"
"पाहुणा यायचाय."
"कुठून? पासपोर्ट?"
मी अरबीत शब्द सांगितला, त्यानं लिहिला,
आणि स्वतःचंच अक्षर वाचून थांबला.
"काका, या अक्षरांत अपराधीही लिहितात.
अपराधी, की शेपटीवाला?"
"शेपटीवाला. एकतीस वर्षांनी येतोय.
बायकोच्या ओळखीचा."
शिक्का बराच वेळ हवेत राहिला.
मग एक महिना.

अकराला आला नाही.
बाराला वाळू उडत होती.
तेराला ती माझ्याशी बोलली नाही.
चौदाला, साडेचारच्या सुमारास,
तिनं माझी मान धरून दुर्बिणीला लावली.
शेपटी नव्हती.
एका डागाचे दोन डाग,
एक पुढे, एक जरा रेंगाळलेला.

"फुटला गं," मी म्हणालो.
"गुरू कमी धरला मी," ती म्हणाली. "पेन दे."
गुडघ्यावर वही, तोंडात टॉर्च.
तिनं कोरं पान काढलं,
मधोमध सरळ रेघ मारली.
आता दोन खाती.