मुकादम.डीएलएल

तुर्भ्याच्या मसाला मार्केटात
कॉम्प्युटर उघडला की आधी शिंक येते.
पंख्याच्या पात्यांवर मिरचीची लाल साय,
कीबोर्डच्या फटीत धणे.
मी रुमाल बांधूनच बसतो.

हिरजीशेठ गालांच्या गाळ्यावर
सकाळपासून बिल निघत नव्हतं.
बाहेर गुंटूरचा ट्रक, अर्धा रिकामा.
पडद्यावर एकच ओळ:
'मुकादम सापडला नाही.'
शेठ म्हणाले, हा काय, चहा पितोय!

तो मुकादम वेगळा.
नव्या अँटिव्हायरसने रात्री कधीतरी
सही-शिक्का नाही म्हणून एक फाइल धरली,
आणि जामीन राहायला कोणी नव्हतं म्हणून पुसली.
चौऱ्याण्णव केबी. एवढीशी.

ही फाइल स्वतः काहीच करत नाही.
बेरीज नाही, छपाई नाही,
वजनकाट्याशी बोलणंसुद्धा नाही.
प्रोग्रॅम उघडला की दारात उभी राहते,
फोल्डरात कोण कोण आलंय बघते,
एकेकाला नावानं हाक मारते.
काटा? हजर.
बारदान? हजर.
हमाली? हजर.
जो ओ देईल त्याला आत घेते, काम नेमून देते.
एखादा नाही आला तरी गाडा अडत नाही.
पण हाक मारणाराच नसला
की सगळे असून नसल्यासारखे.
बसले होते बिचारे फोल्डरात,
एकही बाइट न हललेले.

कोणी लिहिलं हे?
मेहताजींनी चष्मा पुसला.
'ढेबेची पोरगी. निर्मला.
बाप आपल्याच टोळीत, जावळीकडचा.
ती कोपरखैरण्याला शिकायची,
सुट्टीत इथे बसायची, ह्याच स्टुलावर.
दोन हजार आठ, का नऊ.
बाप गेला. ती कुठे असते, कुणास ठाऊक.'

बॅकअप?
शेठ नुसते हसले.
'माळ्यावर जुना डबा आहे, बघा.'

तमालपत्राच्या पोत्यांमागे
दातांसारखा पिवळा पडलेला कॅबिनेट.
आत झुरळांचा संसार.
हार्ड डिस्क आधी कण्हली,
मग फिरली.
फाइल होती.
वर्णनाच्या रकान्यात तिने लिहिलं होतं:
'हाक मारणारा. काढू नये.'

जागेवर ठेवली. काळ्या खिडकीत
नोंदणीचा हुकूम दिला. एंटर.
काटा, बारदान, हमाली
खालच्या पट्टीत एकामागून एक उजळले,
आणि प्रिंटर करकरला.

खात्री म्हणून मी आकडे हाताने मांडले.
हमाली जुळेना.
दोनशे बारावर दहा पैसे; छापले दोनशे तेरा.
तीनशे सहावर वीस; छापले तीनशे सात.
बाकी सगळीकडे पन्नासच्या आतलं सोडून दिलेलं,
रीतीप्रमाणे.
फक्त 'हमाली' नावाच्या त्या जोडणीत
रुपया कधी खाली उतरत नाही.
एक पैसा वर असला तरी पुढचा.
चौदा-पंधरा वर्षं, दर ट्रकमागे.
चूक म्हणावी,
तर चूक इतक्या निगुतीनं कोणी लिहीत नाही.

'जुळलं का?' मेहताजींनी विचारलं.
माझ्याकडे न बघता विचारलं,
आणि मला वाटून गेलं,
ह्यांना ठाऊक असावं.

जुळलं, म्हटलं.
कागदावरचे माझे आकडे खोडले.
बाहेर टोळीनं पोत्यांत त्यांचे रोवले.

निघताना अँटिव्हायरसला बजावलं:
हा आपला माणूस, ओळखून ठेव.

माझं बिल झालं चारशे साठ.
शेठनी चारशे मोजले.
म्हणाले, वरचे सोडा ना.