खुंटा

माझगावच्या भंडारवाडा टेकडीवर पाण्याची टाकी आहे,
हे सगळ्यांना ठाऊक.
टाकीखाली एकवीस पायऱ्या
आणि पायऱ्यांखाली खुंटा,
हे अख्ख्या ई वॉर्डात दोघांनाच:
मला, आणि एलोजी नवगावकरांना.
ते आता रिटायर झालेत.

भोपळ्याएवढं बीड, ट्रामच्या जुन्या रुळांतून ओतलेलं,
मधोमध पितळी पाचर, आटे पाडलेली.
तेल मुशीच्या काळजाचं, दर गुरुवारी भाऊच्या धक्क्यावरून.
टिकटिक नाही.
घड्याळ वेळ दाखवतं पोरी, एलोजी म्हणायचे,
हा वेळेला तिची जागा दाखवतो.

नाही दाखवली तर काय होतं, ते त्यांनी पाहिलं होतं.
एकोणसाठ साली पाचर झिजली
तर डोंगरीत तीन दिवस बुधवारच.
भायखळ्याच्या मंडईत कांदा रोज एक आणा उतरत गेला,
लोक खूश.
मग उमरखाडीला आठवलं की आपण खाडी होतो.
गुडघाभर पाणी, पाण्यात होडी,
होडीतला माणूस दुकानदारांना विचारत होता:
हे बेट कुठलं?

म्हणून रोज रात्री बाराला
पाचर पाव आटा सैल करायची,
अकरा श्वास मोजायचे,
मग कसायची.
खुंटा हलवून बळकट करतात, तो असा.
सदाचा आवळलेला काळ तडकतो,
त्यालाही आळोखेपिळोखे देऊ द्यावेत.
पाव आट्यात काही बिघडत नाही.
कुठे विझलेली विडी पुन्हा धुमसते,
कुठे उतू गेलेलं दूध गुपचूप पातेल्यात येऊन बसतं.

अर्धा आटा कधीच नाही, ब्रिजिता.
वहीच्या पहिल्या पानावर लाल शाईत लिहून ठेवलंय त्यांनी.

मी एकदा दिला.

आग्नेल कडक पाव आणायला उतरला होता,
आमचं भांडण अर्धं टाकून.
भांडण कशाचं, तर इस्त्रीच्या वायरीचं.
पुढे नेसबिट रोडचं वळण, आणि टँकर.
मला त्याला अडवायचं नव्हतं. शपथेवर सांगते.
अडवायचं असतं तर पुरा आटा दिला असता.
एवढंच बघायचं होतं,
जिन्यावरून त्याने वळून पाहिलं का.

पाचर फिरली.
डोक्यावरच्या टाकीतलं पाणी गप्प झालं.
एकवीस पायऱ्यांच्या जागी आमचा लाकडी जिना,
आणि त्यावर तो,
एक चप्पल पायात, एक हातात, अंगठा तुटलेली.
वळून पाहिलं त्याने.
एकोणीस वर्षांच्या डोळ्यांनी मला, सत्तेचाळीसच्या बाईला.
म्हणाला,
कोण पाहिजे तुम्हाला?

तुम्हाला.

मी पाचर कसली. हात घसरला. पुन्हा कसली.
वहीत लिहिलं: खुंटा घट्ट. शेरा: काही नाही.

शेरा चौथ्या दिवशी कळला.
डॉकयार्ड रोडची जुबेदा परकार
त्या रात्री बाराला पाच कमी असताना बाळंत झाली होती,
आणि बारा वाजून गेल्यावर पुन्हा झाली.
तीच कळ. तोच घाम. तीच मुलगी.
डॉक्टरणीला आठवत नाही, केसपेपरला आठवत नाही,
कमरेला आठवतं.

मी डिंकाचे लाडू घेऊन गेले,
पाणीखात्यातली बाई म्हणून.
ती दार लोटून हळू आवाजात म्हणाली,
ताई, लोक वेड्यात काढतील, पण ही मला दोनदा झाली.
पहिल्यांदा रडली.
दुसऱ्यांदा नाही. नुसती बघत राहिली,
ओळख पटल्यासारखी.

मला माफी मागायची होती.
कशाची, ते सांगता येईना. लाडवांचा डबा पुढे सरकवला.
मुलीने माझं बोट धरलं,
नखात तेल होतं, मुशीचा वास.
सोडेचना.
ड्युटीला उशीर होत होता,
मीच सोडवून घेतलं.