बिब्याची फुलं

रजिस्टरात मी लिहिते:
रायजाबाई कुमरे, वय अंदाजे पंचावन्न,
दोन्ही तळवे, उजव्या डोळ्याची कड. बिब्बा उतलाय.
दरवर्षी माघात हीच नोंद,
फक्त वयात मी एक मिळवते.

मलम लावता लावता बोलते तिला,
मागच्या साली हातमोजे दिले होते, ते कुठं गेले?
ती म्हणते, मोज्यातून फय समजत नाही, सिस्टर.
पिकलं का कच्चं, थे बोटालेच कयते.
मोजे तिच्या नातवानं फुगवले,
त्यांची शिंगं करून गावभर बैल झाला.

माझ्या माहेरी, तालुक्याच्या गावात,
बिब्बा म्हणजे नुसता वाक्प्रचार.
जमलेल्या सोयरिकीत कुणीतरी तो घालायचं
आणि मग दोन घरं वर्षभर बोलायची नाहीत.
गोडंबी मात्र पुडीतून यायची, थंडीतल्या लाडवांसाठी,
पांढरी, नीटस,
जणू झाडालाच सोललेली लागते.
सांडशीत धरून एकेक बी फोडणारे हात
त्या पुडीवर छापलेले नव्हते.

रविवारी ती म्हणाली, चाला.
सागाची पानं पायाखाली पापडासारखी मोडत होती.
टेकडीच्या उतारावर एकटं उभं ते झाड,
फांदीफांदीला शेंदरी गर, गराच्या टोकाला काळं बी.
तिनं पदर कमरेला खोचला,
हाताला राख चोळली,
खोडाच्या अगदी जवळ जाऊन म्हणाली,
तू रायजा, मी बिब्बा.
आणि माझ्याकडं वळून, डोळा बारीक करून,
अशानं त्याले समजत नाही, कोनाले जायाचं थे.

तुम्हीबी सांगा.
मी हसले. शिकलेलं हसणं होतं ते.

खालच्या फांद्यांचं तिनं घेतलं, वरचं ठेवलं.
वानराचं हाये, म्हणाली, त्याले कुठं राशन कार्ड.
बी मुरगळून वेगळं टाकलं गोणपाटावर,
गर वेगळा, टोपलीत.
बिया दिग्रसच्या व्यापाऱ्याकडं जातात, मापानं.
फोडून दिल्या तर थोडं जास्त, हात गेले तर
हाताचं माप कुणाकडं नाही.
फुलं ती विकत नाही.
(गराला फुलं म्हणतात इथं,
पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी दुरुस्त करायला गेले होते.)

तिथंच तीन दगड, काटक्या, निखाऱ्यावरची राख.
राखेत फुलं सुरकुतली, त्यांच्या कडा काळवंडल्या,
जळक्या गुळासारखा वास सुटला.
खाऊन तं पाहा.
आधी गोड. मग जरासं आंबूस.
मग जीभ ओढली गेली आतल्या आत,
नाडीची गाठ कुणी करकचून आवळावी तशी,
आणि घशात बराच वेळ
काहीतरी बसून राहिलं, न बोलता.
आवडलं का, विचारलं तिनं.
मला माहीत नव्हतं.
मी दुसरं उचललं.

उरलेली ती वाळवते छपरावर, आठ-दहा उन्हं,
चपटी, चिवट, चामड्यासारखी होतात.
जेठात घरात काही नसलं
की लेकराच्या हातात एक द्यायचं.
तासभर चघळते, म्हणाली. तासभर मागत नाही.

सोमवारी माझं मनगट सुजलं.
कोपरापर्यंत चट्टे, रात्रभर आग.
सकाळी ओपीडीत मी खुर्चीवर, ती टेबलाच्या या बाजूला,
तिच्या गुंडाळलेल्या हातांनी
खोबरं चावून चावून माझ्या हातावर लावत होती.
मलमाची ट्यूब शेजारीच होती, दोघींनाही दिसत होती.

सांगतलं नाही नं झाडाले?
नाही, म्हटलं.
त्याले वाटलं असंन, ही खरीच सिस्टर,
म्हणून आलं इलाजाले.
असं म्हणून ती इतकी हसली
की बाहेर लाइनीत बसलेल्या बाया आत डोकावल्या.

रजिस्टर उघडं होतं.
नावाच्या रकान्यात मी पेन टेकवलं,
आणि थोडा वेळ
तसंच धरून ठेवलं.