दुभाषी

खोटं बोललं की हिमनदी तडकते,
म्हणून तह तिच्याच पाठीवर करायचे, ही रीत.
खिंडीच्या अलीकडे आम्ही स्वान, दगडी मनोऱ्यांतले.
पलीकडे बाल्कार, घोड्यांवरचे.
मधे तीन पिढ्यांचं रक्त,
ज्याची बेरीज दोन्हीकडे वेगळी येते.

मी मिरांगुल. तेव्हा सतरा वर्षांची.
त्यांची भाषा शिकले एका कैद्याकडून,
आमच्या मनोऱ्याच्या तळाशी
सहा हिवाळे लोकर पिंजत बसलेला.
तिकडचा दुभाष्या बेकमुर्झा.
आमची भाषा त्याला कुणी शिकवली, मी विचारलं नाही.
आमच्याही घरातलं एक माणूस परतलं नव्हतं.

पहिल्या दिवशी काकांनी त्यांना लांडगे म्हटलं.
मी पदरची खरूज लावली लांडग्यांना.
त्यांच्या म्हाताऱ्याने आम्हाला शेळ्या म्हटलं,
बेकमुर्झाने शेळ्यांचं दूधही नासवलं.
बर्फ हलला नाही.
शिवी खोटी नसते, थोडी जास्त असते इतकंच.

तिसऱ्या दिवशी म्हाताऱ्याने
माझ्या मेलेल्या भावाचं नाव घेतलं, आणि हसला.
बेकमुर्झा जरा थांबला. मग आमच्या भाषेत म्हणाला,
"ते म्हणतात, वारा वाढलाय."
वारा वाढला होता खरा.
मूळ वाक्य मला कळलंय, हे त्याला ठाऊक होतं.
मीही काकांकडे वळून तेच म्हटलं,
वारा वाढलाय.

त्या रात्री त्याचा असा संताप आला,
शत्रूने उपकार केल्यावर येतो तसला,
फेडताही येत नाही, फेकताही येत नाही.

पुढे आम्ही शब्दांच्या धारा घासत बसलो.
सूड म्हणाले की हिशेब,
हिशेब म्हणाले की मीठ, लोकर, कुरणाची हद्द.
मधेच एखादं वाक्य कुणाचंच नसायचं.
"तुझी बोटं फुटलीत, चरबी लाव."
"तुझ्या टोपीत गवत आहे."
"काय म्हणाली?" म्हातारा विचारी.
"एक बारीक कलम आहे," तो सांगे,
आणि खोल कुठेतरी
केस तुटावा एवढा आवाज होई.
आम्ही दोघंही खोकत असू.

नवव्या दिवशी काका म्हणाले,
"मेजवानीला या. आमची एकही तलवार
म्यानाबाहेर येणार नाही."
बर्फ स्वस्थ. वाक्य खरंच होतं.
तलवारीची गरजच नव्हती,
पहाटे मी मधाचे बुधले पाहिले होते
आणि शेजारी कुटलेला बचनाग.
खरं कसं बोलावं हे काकांना येतं,
सरदारकी त्यांना उगीच नाही मिळाली.

मी त्याच सुरात, तोच चेहरा ठेवून
त्याच्या भाषेत म्हटलं,
"येऊ नका. मधात विष आहे."
म्हाताऱ्याला कमी ऐकू येई. बेकमुर्झाला नाही.
त्याने माझ्याकडे नाही,
स्वतःच्या पायांखाली पाहिलं.
बर्फ गप्प.

हेच त्याने मोठ्याने सांगितलं असतं
तर काकांनी मला तिथेच संपवलं असतं.
तो म्हाताऱ्याच्या कानाशी वाकला.
"ती म्हणते, त्यांच्या गावात साथ आलीय."
फाट्कन भेग गेली,
त्याच्या टाचांमागून, या कड्यापासून त्या कड्यापर्यंत.

"काय बोलला तो?" काका ओरडले.
पान हलत नव्हतं. धूर सरळ वर जात होता.
मी म्हटलं, "वारा वाढलाय."
दुसरी भेग माझ्यामागून.

काका आणि म्हातारा पळाले आपापल्या बाजूला,
समोरचाच खोटारडा, ही दोघांची खात्री.
एवढं एकमत नऊ दिवसांत झालं नव्हतं.

बर्फाचा तुकडा हळूहळू उताराला लागला,
वर आम्ही दोघं,
आणि तहाचा गुंडाळलेला कातडी कागद, बिनसहीचा.
बेकमुर्झा म्हणाला,
"आता कुठल्या भाषेत बोलायचं?"
मी म्हटलं, आधी त्या कडेवरचा पाय काढ.