गाळपेर

साक्षीदार क्रमांक चार म्हणजे मी.
सेवानिवृत्त तलाठी, साझा मुरमाडटोला.
शपथ घेतली, पाणी प्यालो, चष्मा पुसला,
मग सरकारी वकिलांनी माझंच अक्षर माझ्यापुढं धरलं:
गट क्रमांक एकशे एकोणीस, एक्क्याऐंशी आर,
लागवडीस अयोग्य. स्वरूप: पाण्याखाली.
सलग अकरा वर्षं, एकाच वळणाचं.

अक्षर माझं आहे, म्हणालो.
लिहिलेलं खोटंही नव्हतं.
पाहणीला मी जायचो पोळ्याच्या आगंमागं,
तेव्हा मामा तलावाचं पाणी
पार मोहाच्या बुडाला टेकलेलं असायचं.
पाळीला सायकल लावायची नि दुरूनच लिहायचं.
रब्बीचा रकानाही तिथंच भरून टाकायचो,
तेवढीच एक खेप वाचायची.

आता तिथून कालवा जाणार आहे.
शेती ठरली तर भाव,
पोटखराब ठरली तर चणे-फुटाणे.
वकील म्हणाले, जिथं नांगर नाही ती शेती कसली?
आणि खरंच,
पुनाबाई वलथरेच्या जमिनीला फाळ कधी शिवला नाही.
पूस-माघात पाणी एक पाऊल उतरतं
की ही एक पाऊल पुढं,
घोट्याएवढ्या गाळात, काखेत टोपली,
लाखोरी फेकत फेकत तलावाच्या मागं मागं जाते.
विहीर नाही, खत नाही, बैल नाही.
कायद्याच्या पुस्तकात याला शब्द सापडला नाही.

कोर्टानं कमिशनर नेमला.
तो आला ऐन भादव्यात.
छत्री, टेप, दोन मोजणीदार, पन्नीत गुंडाळलेला नकाशा,
समोर नुसतं पाणी, शिंगाड्याचे वेल, एक बगळा.
"बाई, जमीन कुठाय?"
पुनाबाईनं काष्टा आवळला नि शिरली आत.
गुडघे. मांड्या. कंबर.
थांबली. तळव्यानं चाचपलं.
"हा पाय जी, धुरा.
इकडचा सोमाजीचा, इकडचा माझा.
इथं गोटा आहे, सासऱ्यानं गाडलेला."
चारी कोपरे तिनं पायानंच दाखवले,
मोजणीदारानं टेप लावला,
फरक निघाला एक वीत.
ती वीत कुणाची चुकली
ते त्यानं कुणाला सांगितलं नाही.

कमिशनरनं अहवालात लिहिलं:
जागेवर पीक आढळले नाही.
अर्जदार महिला कंबरेइतक्या पाण्यात उभी आढळली.

उलटतपासणीत मला विचारलं,
हिवाळ्यात कधी गेला होता जागेवर?
नाही, म्हणालो. हेही खरं.

जे विचारलं नाही ते असं, की
दर साली फागुन लागला
की पुनाबाईचा पोरगा साझ्यावर यायचा,
पायलीभर लाखोरी ठेवायचा,
काही न बोलता जायचा.
माझी बायको तिचे वडे करायची.
अकरा वर्षं मी ते पीक जेवलो
जे माझ्या वहीत एकदाही उगवलं नाही.

"तुम्ही जाऊ शकता," न्यायाधीश म्हणाले.
मी पिंजऱ्यात उभाच.
"आणखी काही?"
"वडे," म्हणालो.
टाइप करणाऱ्या मुलीची बोटं थांबली.
तिनं साहेबांकडं पाहिलं, साहेबांनी माझ्याकडं.
"लाखोरीचे, साहेब.
लिहून घ्या."