आडवी दोरी

निंभोऱ्याच्या स्टेशनापासून सव्वा कोसावर
डिगंबर वारक्यांची केळी.
वारके म्हणजे फैजपूरच्या कॉलेजात
एकतीस वर्षं पदार्थविज्ञानाचे प्रयोगशाळा परिचर.
लंबक पुसायचे, स्टॉपवॉचला किल्ली द्यायचे,
पोरांच्या चुकलेल्या नोंदी
टाकून न देता घरी आणायचे.
त्या नोंदींतच त्यांना सापडलं:
चूक पोरांची नव्हती.

काळ एक नाही. काळ बागेसारखा लावलेला आहे,
पाच बाय पाच फुटांवर,
आपला एक, शेजारी दुसरा, त्याच्या पलीकडे तिसरा,
आणि घड धरला की प्रत्येक झुकतो.

मी पहिल्यांदा पाहिलं ते मे महिन्यात.
सातव्या ओळीत घड पिकून पिवळा
आणि त्याच झाडाची निसवण अजून व्हायची होती.
विहिरीवरची मोटार बंद,
पाणी मात्र येत होतं,
कालच्या थ्री फेजचं.
जुम्मा तडवी म्हणाला, "सर, वारं सुटलंय."
पान हलत नव्हतं.

"शिकलेली माणसं काळाला खुंटी ठोकायला बघतात,"
वारके म्हणाले,
"पण ठोकायला खाली जमीन कुठंय, भो?
जमीनही काळाचीच."
म्हणून केळीला करतो तेच करायचं:
याच्या गळ्यातून त्याच्या बुडाशी,
त्याच्या गळ्यातून पुढच्याच्या,
सैल नाही, ताठ नाही,
बोटाने छेडली तर बोलेल इतकी.
पडायचंच झालं तर
सगळ्यांना एकदम पडावं लागेल,
आणि त्याला सगळ्यांचं एकमत लागतं,
ते तर पंचायतीतही होत नाही.

गाठ जुम्माची.
पालच्या रानात त्याचा बाप मधाला जायचा,
कड्यावरून उतरायची ती गाठ.
ओढ बसली की आवळते.
ओढ गेली की विसरते.

दोरी मात्र बाजारात मिळत नाही.
दोरी म्हणजे ज्याने बांधायचं त्याचं एक मिनिट.
दिलं की गेलं. आठवणीतूनही.

कोणतं द्यावं, यावर वहीत चार पानं आहेत.
सुखाचं देऊ नये, ताणतं.
दुःखाचं पावसात आखडतं.
लग्नाचं, मयताचं, निकालाचं,
त्यावर आधीच इतरांच्या गाठी असतात.
द्यावं साधं.
वजनकाट्यावर ट्रकच्या मागे उभं असतानाचं.
बादली भरेपर्यंतचं.
रावेरच्या बँकेत हातात टोकन, एकशे बारा नंबर,
पंखा फिरतोय.
असल्या मिनिटाला ना चव ना वास,
बैल लावा, तुटत नाही.

वारक्यांनी स्वतःची बावीसशे दिली.
शालिनीकाकूंना वाटायचं,
माणूस हल्ली हळवा झालाय.
त्यांच्याकडे आता फक्त मोठी मिनिटं उरली होती.
चहाची बशी हातात धरली
तरी डोळे भरायचे.

ते गेले त्याच्या नवव्या दिवशी
सातव्या ओळीत एक दोरी सैल पडली.
निंभोऱ्याला गाडी येण्याआधी
गाडी गेल्याचा आवाज झाला.
जुम्मा रात्रीच दारात. म्हणाला,
"तुमचं एखादं."

मी शोधायला बसलो.
शोधायला लागलं की साधं साधं राहत नाही.
बादलीत ऊन पडलेलं निघालं.
बँकेतल्या पंख्याखाली
शेजारच्या बाईचं झोपलेलं पोर निघालं,
त्याची मूठ माझ्या सदऱ्याला.
पहाटेपर्यंत एकही कोरं सापडेना.

पण दिलं. वहीत नोंद आहे:
"सोळा जानेवारी, रात्री पावणेदोन.
विहिरीचा कठडा. वारकेसर आणि मी.
थ्री फेजची वाट पाहणे.
कोणी काही बोलले नाही."

अक्षर माझंच आहे.
थंडी होती का,
शाल दोघांत एकच होती का,
मला माहीत नाही.

सकाळी जाऊन दोरी छेडून पाहिली.
बोलते.