श्वासावर मी

जानेवारी. हार्टफर्डशरमधला विमानांचा जुना हँगर,
पत्र्याला आतल्या बाजूनं सुटलेला घाम.
चार फूट उंचीवर रचलेलं खोटं जंगल
आणि त्याच्या फळ्यांखाली आम्ही पाच जण,
उताणे, कुशीवर, कुणाचा गुडघा कुणाच्या बरगडीत.

जबडा ऑबरीचा.
भुवया आणि कान टॅम्सिनकडे,
सायकलच्या ब्रेकच्या तारांनी ओढलेले.
डोळे दोघांत वाटलेले: बुबुळं लेनर्ड फिरवायचा,
पापण्या प्रूडन्सच्या,
आणि पापणी लवायला जरा उशीर झाला
की अख्खा प्राणी भुसा भरलेला दिसायचा.
श्वासावर मी.
एक रबरी पिशवी, लांब नळी,
आणि रक्तदाब मोजतात तसला फुगा मुठीत.

कातडं भट्टीतून निघालं तेव्हा अमोनियाचा भपकारा.
मानेवरचे केस याकचे,
एकेक सुईनं टोचलेला, अकरा आठवडे.
लाळ म्हणजे बादलीत ढवळलेली खळ.
हे सगळं ठाऊक असून
त्याच्या कानाजवळून जाताना मी हळू बोलायची.

समोर एक छोटा टीव्ही.
आपला हात बघायचा नाही, त्यात त्याला बघायचं.
पहिला आठवडा त्यानं प्रत्येकाचं वेगवेगळं ऐकलं:
कान घाबरलेले, तोंड हसरं.
मग एका दुपारी
त्याला शिंक आली.
पटकथेत नव्हती.
कुणी सुरू केली, ते पाचांतल्या एकालाही सांगता येईना.

मरणाचा प्रसंग शेवटच्या दिवशी.
दिग्दर्शक फटीतून वाकून म्हणाला,
"आधी कान. मग डोळे.
श्वास सगळ्यांत शेवटी. तीन, आणि बस."
जीव मुठीत धरणं
मला त्या दिवशी नुसतं म्हणण्यापुरतं नव्हतं.

कान पडले. टॅम्सिननं तारा सोडून हात पोटावर ठेवले.
पापण्या अर्ध्यावर राहिल्या;
प्रूडन्सला त्या पुऱ्या मिटवायच्या नव्हत्या.
एक.
दोन.
तीन.
आणि वर तो पोरगा, कॉलम, नऊ वर्षांचा,
संवाद विसरून त्याच्या पोटावर गाल टेकून पडला.
त्याचं वजन मला नळीतून कळलं.
मी चौथा दिला.

कुणी कट म्हणेना.

चहाच्या वेळी तो रांगत खाली आला,
हातात अर्धं बिस्किट.
"तुमच्यातला तो कोण?"
ऑबरीनं टॅम्सिनकडे बोट दाखवलं,
टॅम्सिननं लेनर्डकडे, लेनर्डनं प्रूडन्सकडे,
प्रूडन्सनं माझ्याकडे.
मी मुंग्या आलेली बोटं चोळत बसले.
त्यानं जरा वेळ आम्हांला न्याहाळलं,
बहुधा पटलं नाही,
आणि वर निघून गेला.

दुसऱ्या सकाळी, पेटीत भरण्याआधी,
ऑबरी दातांच्या ब्रशनं त्याचं तोंड धूत होता.
जिभेखाली बिस्किटाचा लगदा.
"उंदीर असणार," तो म्हणाला,
आणि तेवढी जागा न धुता
जबडा मिटला.